नकली बंदुका आणि दोन हंडे पाणी

विचारणाऱ्या ताई नाशिकच्या आहेत. १२ वर्षं हौशी आणि प्रायोगिक नाटक केलं, राज्य नाट्य स्पर्धेत अभिनयाचं पारितोषिकही मिळवलं. गेली दोन वर्षं एका वस्तीतल्या बायकांबरोबर काम करताहेत आणि आता तालमी आणि वस्ती दोन्ही सांभाळणं जमेनासं झालंय. त्यांचा प्रश्न थोडक्यात असा: नाटक सोडून पूर्णवेळ कार्यकर्ती व्हावं का? ज्या शिबिराला जावं तिथे ब्राझीलच्या अगुस्तो बोआल या नाटककार-दिग्दर्शकाचं नाव निघतं, त्या माणसाचं आयुष्य नेमकं कुठे वळलं? आणि त्याची पद्धत आपल्याकडे चालते का?

ताई, सोडण्याचं शेवटी बोलू. आधी बोआल. मी २३ वर्षं मराठवाड्यातल्या खेड्यांत आणि पुण्याच्या वस्त्यांत नाटक करतोय. त्याच्याबद्दल शिबिरांत जे सांगतात ते बहुतेक तंत्राबद्दल असतं: हा खेळ, तो व्यायाम, ही संज्ञा. मला त्याच्या आयुष्यात दिसते ती फजिती. चारचौघांत झालेली, पुन्हा पुन्हा झालेली, आणि त्याने स्वतःच मोकळेपणाने लिहून ठेवलेली. प्रत्येक फजितीनंतर त्याच्या हातातली एकेक गोष्ट प्रेक्षकांकडे गेली. नटाचा कार्यकर्ता कसा होतो, याचं याहून खरं उत्तर माझ्याकडे नाही.

तो १९३१ मध्ये रिओ द जनेरोच्या पेन्या या कामगारांच्या भागात जन्मला. वडील पोर्तुगालहून आलेले, बेकरीवाले. त्यांच्या समाधानासाठी त्याने रासायनिक अभियांत्रिकीची पदवी घेतली, पुढे न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात गेला आणि तिथे रसायनाच्या जोडीला जॉन गॅसनर यांच्याकडे नाट्यलेखन शिकून आला. आपल्याकडचे किती नाटकवाले इंजिनिअरिंगच्या गॅदरिंगमधून आले ते आठवा, म्हणजे यात नवल वाटणार नाही. १९५६ मध्ये तो साओ पावलोच्या तेआत्रो द अरेना या संस्थेत दिग्दर्शक झाला. मधोमध छोटा रंगमंच, चारी बाजूंना प्रेक्षक, नेपथ्याचा खर्च जवळपास नाही. परदेशी नाटकांच्या नकला बंद करून ब्राझीलच्या माणसांची, ब्राझीलच्या बोलीतली नाटकं त्यांनी उभी केली. इथवर तो एक चांगला, डाव्या विचारांचा, शहरी दिग्दर्शक आहे. असे आपल्याकडेही पुष्कळ आहेत.

१९६०च्या दशकाच्या सुरुवातीला ही मंडळी ईशान्य ब्राझीलमध्ये गेली. दुष्काळी मुलूख, मोठे जमीनदार, भूमिहीन शेतकरी. नाटकाच्या शेवटी नट बंदुका उंचावून गाणं म्हणत: जमिनीसाठी रक्त सांडलं पाहिजे. प्रयोग संपल्यावर व्हर्जिलियो नावाचा एक धिप्पाड शेतकरी डोळ्यांत पाणी आणून पुढे आला. म्हणाला, तुमचं आमचं मत एकच आहे. आता जेवून घ्या, मग तुमच्या बंदुका घ्या आणि चला. जमीनदाराच्या गुंडांनी आमच्या एका साथीदाराची जमीन बळकावलीय, त्यांना हुसकावून लावू. नटांची पंचाईत झाली. त्यांनी खुलासा केला की बंदुका नाटकातल्या आहेत, त्यातून गोळी सुटत नाही. व्हर्जिलियो म्हणाला, काही हरकत नाही, आमच्याकडे खऱ्या आहेत, सगळ्यांना पुरतील. मग मंडळींना कबूल करावं लागलं की आम्ही खरे कलावंत आहोत, खरे शेतकरी नाही. त्यावर तो जे बोलला त्याचा अर्थ एवढाच होता: म्हणजे तुम्ही जे रक्त सांडायचं म्हणत होतात, ते आमचं.

बोआल पुढे आयुष्यभर हा प्रसंग सांगत राहिला. जी जोखीम आपण स्वतः घेणार नाही ती दुसऱ्याला नाटकातून घ्यायला सांगायची नाही, हे त्याने त्या दिवशी ठरवलं.

हा प्रसंग मी वाचला तेव्हा माझा व्हर्जिलियो मला आधीच भेटलेला होता. नऊवारीतली एक आजी. हागणदारीमुक्तीच्या मोहिमेत आम्ही गावोगाव पथनाट्य करत होतो. डफ, हलगी, रंगीत झब्बे, शेवटी सगळ्यांनी मिळून म्हणायचं गाणं. एका गावात गाणं संपलं, टाळ्या झाल्या आणि ही आजी उठली. "बांधिते की संडास. पन पानी? दोन हंड्यांसाठी मी अर्धा कोस जाते. एक हंडा त्यात वतू, तर प्यायला काय ठिवू? तुझ्या डफड्यातून निघतंय का पानी?" सगळं गाव हसलं. आम्हीही हसलो, कारण दुसरं काय करणार. परतीच्या जीपमध्ये कोणी कोणाशी बोललं नाही. आमच्या संहितेत पाण्याचा उल्लेखच नव्हता. संहिता लिहिणाऱ्या आम्हा सगळ्यांच्या घरी नळ होते.

ताई, तुम्हाला वस्तीत अशी कोणी भेटली का? भेटली नसेल तर घाई करू नका. भेटली असेल तर तुमच्या प्रश्नाचं निम्मं उत्तर तिनेच देऊन ठेवलं असणार.

ब्राझीलमध्ये १९६४ मध्ये लष्करी उठाव झाला. डिसेंबर १९६८ मध्ये आलेल्या हुकुमाने उरलंसुरलं स्वातंत्र्यही गेलं, नाटकांवर कात्री आणि बंदी रोजचीच झाली. तेव्हा १९७० च्या सुमारास बोआल आणि त्याच्या तरुण साथीदारांनी वृत्तपत्र-नाट्य सुरू केलं. बातमीपासून नाटक कसं करायचं, हे त्यांनी लोकांनाच शिकवायला घेतलं. मंडळींवर बंदी आली तरी लोक आपापल्या चाळीत, कारखान्यात, शाळेत ते करू शकतील. एक बातमी वाचताना मध्येच दुसरी वाचायची, बातमीत गाळलेलं जोडून वाचायचं, किंवा बातमी गाण्याच्या चालीत म्हणायची. वस्तीतल्या दहावी-बारावीच्या मुलांबरोबर सुरुवात करायला याच्याइतकं सोपं काही नाही. वर्तमानपत्र घ्या, पाणीकपातीची बातमी एकाला द्या, त्याच पानावरची स्विमिंग पूल असलेल्या गृहसंकुलाची जाहिरात दुसऱ्याला द्या, आळीपाळीने एकेक ओळ वाचायला सांगा. पाचव्या ओळीला मुलं हसायला लागतात, दहाव्या ओळीला गप्प होतात. संहिता लागत नाही, पाठांतर लागत नाही.

१९७१ मध्ये त्याला पकडलं. तालीम संपवून घरी जाताना रस्त्यातून उचललं, तुरुंगात उलटं टांगून विजेचे झटके दिले. त्याच काळातली एक गोष्ट तो पुढे हसत सांगे. छळ करणाऱ्यांना त्याने विचारलं, माझ्यावर आरोप काय? ते म्हणाले, तू परदेशात जाऊन ब्राझीलमध्ये कैद्यांचा छळ होतो असं सांगून देशाची बदनामी करतोस. तशा अवस्थेतही त्याला हसू फुटलं. बाहेर पडल्यावर त्याने देश सोडला आणि पत्नी सेसिलियाच्या देशात, अर्जेंटिनात आसरा घेतला. पुढची सुमारे १५ वर्षं परागंदा.

अर्जेंटिनात उघड प्रयोग करणं धोक्याचं होतं, म्हणून तिथे अदृश्य नाट्य आकाराला आलं: हॉटेलात, गाडीत, चौकात नटांनी नाटक आहे हे न सांगता प्रसंग घडवायचा आणि आजूबाजूच्यांना वादात ओढायचं. याबद्दल माझं मत वेगळं आहे आणि ते मी शिबिरांतही सांगतो. आपल्याकडे आज हे करू नका. दोन मिनिटांत मोबाइल निघतात, व्हिडिओ फिरतो, मागचं-पुढचं कोणी बघत नाही आणि मार मात्र खरा बसतो. तो वस्तीतल्याच एखाद्या पोराला बसतो, आपल्याला नाही. पुन्हा व्हर्जिलियोच.

खरं वळण पेरूमध्ये आलं. १९७३ मध्ये तिथल्या सरकारने देशभर साक्षरता मोहीम काढली होती. ब्राझीलचे शिक्षणतज्ज्ञ पाउलो फ्रेरे यांच्या विचारांवर चालणारी, आणि नाटक, छायाचित्र, बाहुल्या ही सगळी भाषा म्हणून वापरणारी. लिमातल्या गरीब मुलांच्या हातात कॅमेरे दिले आणि सांगितलं, प्रश्नाचं उत्तर फोटोत द्या. प्रश्न होता: शोषण म्हणजे काय? एका मुलाने भिंतीतल्या खिळ्याचा फोटो आणला. शिकवणाऱ्यांना काही कळेना, मुलांना मात्र बरोबर कळलं. ती मुलं शहरात बूटपॉलिश करायची आणि लांबच्या वस्तीत राहायची. पॉलिशची जड पेटी रोज घरी नेणं शक्य नव्हतं, म्हणून दुकानदाराच्या भिंतीतला एक खिळा रात्रीपुरता भाड्याने घ्यायचा आणि पेटी त्याला टांगायची. त्या खिळ्याचं भाडं द्यावं लागायचं. ज्याला शब्द येत नाही त्यालाही म्हणायचं असतं, हे सांगायला मी आजही हाच खिळा सांगतो.

आणि मग ती बाई. तोवर बोआलची पद्धत अशी होती: नट प्रश्नाचा प्रसंग करून दाखवत, पेचाच्या ठिकाणी थांबत, प्रेक्षक उपाय सुचवत, नट तो करून दाखवत. तिथे एका बाईने आपली हकीकत दिली. तिचा नवरा घर बांधायला म्हणून दरमहा तिच्याकडून पैसे नेई आणि पावत्या म्हणून काही कागद आणून देई. बाईला वाचता येत नव्हतं. एकदा संशय आला म्हणून शेजारणीकडून वाचून घेतलं, तर ती त्याच्या मैत्रिणीची प्रेमपत्रं निघाली. नवरा दुसऱ्या दिवशी घरी येणार होता. तिने काय करावं? कोणी म्हणालं रड, कोणी म्हणालं घर सोड, कोणी म्हणालं दार लावून घे. प्रेक्षकांत एक थोराड बाई रागाने फुसफुसत होती. म्हणाली, तिने त्याच्याशी स्पष्ट बोलावं आणि मग माफ करावं. नटीने स्पष्ट बोलून दाखवलं. बाईला पटेना. अजून स्पष्ट. तरी नाही. बोआल टेकीला आला आणि म्हणाला, मग तुम्हीच या वर आणि दाखवा.

ती आली. नवऱ्याचं काम करणाऱ्या नटाला धरलं, झाडू उचलला आणि धोपटला. पोटभर धोपटून झाल्यावर ऐटीत खुर्चीवर बसली आणि म्हणाली, आता आपलं स्पष्ट बोलणं झालंय, तर जा, स्वयंपाकघरातून माझं जेवण आण.

ज्याला आपण फोरम थिएटर म्हणतो ते या झाडूतून निघालं. बोआलने दोष बाईला दिला नाही, स्वतःच्या कानाला दिला. दुसऱ्याने बोललेलं आपण करून दाखवतो तेव्हा ते आपल्या वळणाचं होऊन जातं. म्हणून ज्याचा उपाय, त्यानेच रंगमंचावर यायचं.

आता आपल्याकडे हे कसं होतं ते सांगतो, कारण तुम्ही विचारलंय आणि कारण इथेच नटाची सवय सर्वांत जास्त आडवी येते. रेशनचं उदाहरण घ्या. एका वस्तीत तक्रार होती की दुकानात गेलं की 'थंब लागत नाही' म्हणून परत पाठवतात. धुणीभांडी करून आणि विटा उचलून बोटांच्या रेषा झिजलेल्या असतात, यंत्रावर ठसा उमटत नाही, आणि अन्नसुरक्षा कायद्यातलं माणशी ५ किलो धान्य त्या महिन्याला बुडतं. आम्ही वस्तीतल्याच चार बायका आणि एक रिक्षावाला घेऊन १० मिनिटांचा प्रसंग बसवला. बाई दुकानात येते, अंगठा लागत नाही, ती विनवते, दुकानदार पुढच्याला बोलावतो, ती रिकामी पिशवी घेऊन परत जाते. प्रसंग हरण्यावर संपतो. तो तसाच संपला पाहिजे. तुम्ही शेवट गोड केलात की बघणाऱ्याला उठायचं कारणच राहत नाही.

मग सूत्रधार सांगतो की हाच प्रसंग पुन्हा होणार, आणि कोणालाही वाटलं की इथे बाईने वेगळं वागायला हवं होतं, तर 'थांबा' म्हणायचं आणि तिच्या जागी यायचं. बोआलच्या पद्धतीत या सूत्रधाराला जोकर म्हणतात, पत्त्यांतला. कोणत्याच बाजूचा नाही. दुकानदार बदलायचा नाही, कारण खऱ्या आयुष्यात तो आपल्या म्हणण्याने बदलत नाही. त्या दिवशी पहिल्या मुलीने दुकानदाराला शिव्या घातल्या. आमच्या दुकानदाराने शांतपणे शटर ओढलं. दुसरीने ओळखीच्या नगरसेवकाचं नाव घेतलं. दुकानदार म्हणाला, त्यांनाच पाठवा. एक आजोबा आले, त्यांनी यंत्र फोडलं. लोकांनी टाळ्या वाजवल्या. सूत्रधाराने विचारलं, हे उद्या सकाळी कराल का? आजोबा हसून खाली बसले. चौथी बाई एकटी आली नाही, तिघींना बरोबर घेऊन आली आणि एवढंच म्हणाली: "ठसा लागला नाही, धान्य मिळालं नाही, असं तुमच्या सहीनिशी लिहून द्या." आमचा दुकानदार अडकला. त्याला संवादच सुचेना, आणि हा नट ठरवून अडकला नव्हता.

पुढच्या महिन्यात सहा बायकांनी खऱ्या दुकानात तेच मागितलं. लिहून मिळालं नाही. मग ४० सह्यांचा अर्ज झाला, मग तहसील कार्यालयात पुरवठा निरीक्षकाकडे ११ हेलपाटे झाले. ताई, कार्यकर्त्याचं आयुष्य या ११ हेलपाट्यांत असतं. तिथे कोणी टाळ्या वाजवत नाही, साहेब बहुधा दौऱ्यावर असतात, आणि पाचव्या खेपेला तुमच्याबरोबरच्या २० बायकांपैकी सातच उरतात. नाटकवाल्याचा धीर नेमका इथे सुटतो. आपल्याला दीड महिन्याची तालीम आणि मग एक झगझगीत संध्याकाळ, असा हिशेब अंगवळणी पडलेला असतो.

अंगवळणी पडलेली दुसरी गोष्ट म्हणजे प्रेक्षक मुठीत ठेवणं. स्पर्धांनी आपल्याला तेच शिकवलं: लोकांना हलू द्यायचं नाही, शांतता पडली की ती भरून काढायची. फोरममध्ये शांतता पडू द्यावी लागते. 'थांबा' म्हणायला पहिलं माणूस दोन-दोन मिनिटं घेतं. मला सुरुवातीची दोन वर्षं ते सहनच व्हायचं नाही, मी मध्येच काहीतरी विनोद करायचो आणि उठू पाहणारी बाई पुन्हा खाली बसायची.

हे सगळं परदेशी वाटत असेल तर थोडं मागे जा. जोतीराव फुल्यांनी १८५५ मध्ये 'तृतीय रत्न' लिहिलं. त्यातला जोशी गरोदर बाईला आणि तिच्या नवऱ्याला ग्रहदशेची भीती घालून लुबाडतो आणि विदूषक मध्ये मध्ये येऊन ती लबाडी प्रेक्षकांसमोर उघडी करत राहतो. शेवटी ते शेतकरी जोडपं फुल्यांच्या रात्रीच्या शाळेत शिकायला निघतं. म्हणजे नाटकाचं दार थेट एका खऱ्या शाळेत उघडतं. पुस्तकांना बक्षिसं देणाऱ्या दक्षिणा प्राइझ कमिटीने ते नाकारलं, हेही ओघाने आलंच. पुढे सत्यशोधक जलसे झाले, आंबेडकरी जलसे झाले. आपल्याकडे नाटकातून प्रश्न मांडण्याची परंपरा कमी नाही. फक्त उत्तरही शाहिरानेच द्यायचं, हा रिवाज राहिला. त्या एका बाबतीत बोआलकडून घेण्यासारखं आहे. बंगालमध्ये 'जन संस्कृती'ने १९८५ पासून सुंदरबनच्या खेड्यांत काम करताना ते घेतलं आणि स्वतःच्या मातीत रुजवलंय. शक्य झालं तर त्यांचा एखादा प्रयोग पाहा. आणि महाराष्ट्रात नाटकातून संघटन कुठवर जातं हे बघायचं असेल तर स्त्री मुक्ती संघटनेकडे बघा. 'मुलगी झाली हो' हे त्यांचं १९८३ चं नाटक गावोगाव फिरलं, आणि ते लिहिणाऱ्या ज्योती म्हापसेकर पुढे कचरावेचक बायकांच्या संघटनेत उतरल्या.

युरोपातल्या वर्षांबद्दल थोडक्यात. १९७८ मध्ये बोआल पॅरिसला गेला. तिथल्या शिबिरांत लोक एकटेपणाबद्दल, आतल्या पोकळीबद्दल बोलू लागले. आधी त्याला हे चोचले वाटले. लॅटिन अमेरिकेतून आलेला माणूस, तो विचारायचा, पोलीस कुठे आहेत? मग त्याला दिसलं की पोटापाण्याची ददात नसलेल्या देशांतही माणसं जीव देतात. पोलीस डोक्यात बसलेला असतो, असं म्हणून त्याने आणि सेसिलियाने त्यावर वेगळी पद्धत उभारली. ती वस्तीत पहिल्याच वर्षी वापरू नका. त्यासाठी मानसोपचाराची जाण असलेलं माणूस शेजारी हवं.

लष्करी राजवट गेल्यावर १९८६ मध्ये तो रिओला परतला, नाटककेंद्र काढलं. सरकार बदललं, पैसा आटला, आणि १९९२ पर्यंत केंद्र बंद करायची वेळ आली. गुपचूप बंद करण्याऐवजी वाजतगाजत करू, म्हणून ही मंडळी कामगार पक्षाच्या महापालिका निवडणुकीच्या प्रचारात नाचत-गात उतरली. पक्ष म्हणाला, तुमच्यापैकी एकाने उभं राहा. बोआल निवडून येणार नाही या खात्रीने उभा राहिला आणि निवडून आला. वयाच्या ६१ व्या वर्षी नगरसेवक!

मग त्याने केलं काय, तर आपल्या कार्यालयाच्या पगारावर नाटकवाल्या साथीदारांनाच घेतलं. त्यांनी झोपडपट्ट्यांत, अंध लोकांचे, म्हाताऱ्यांचे, कामगारांचे गट बांधले. गट आपापल्या प्रश्नावर फोरम करत, लोकांनी काय काय सुचवलं याचा गोषवारा लिहून कार्यालयात येई, तिथे वकिलांसोबत बसून त्यातून कायद्याचा मसुदा होई, आणि तो महापालिकेत मांडला जाई. चार वर्षांत असे १३ कायदे मंजूर झाले. सरकारी रुग्णालयांत वृद्धांच्या आजारांचे तज्ज्ञ असलेच पाहिजेत, हा त्यातला एक. साक्षीदारांच्या संरक्षणाचा एक. मला सर्वांत आवडतो तो टेलिफोनचा. रिओच्या रस्त्यांवर टेलिफोनची मोठी गोल छत्री खांबावर लटकलेली असे. अंध माणसाची काठी खालून मोकळी निघून जाई आणि कपाळ छत्रीवर आपटे. अंधांच्या गटाने सुचवलं, छत्रीखाली तेवढ्याच आकाराचा ओटा बांधा, काठीला आधी ओटा लागेल. ही गोष्ट डोळस माणसाला टेबलाशी बसून सुचली असती असं मला वाटत नाही.

१९९६ मध्ये तो पुन्हा निवडून आला नाही. हे सांगायला शिबिरवाले विसरतात. कायदे राहिले, सत्ता गेली. गट मात्र चालू राहिले आणि नवे निघाले. त्यात 'मारियास दो ब्राझील' हा घरकाम करणाऱ्या बायकांचा एक. त्यांच्यातली एक जण खऱ्या नाट्यगृहातल्या प्रयोगानंतर आरशासमोर बसून रडत होती. का, असं विचारल्यावर तिने सांगितलं की आज आरशात पहिल्यांदा बाई दिसली, एरवी मोलकरीण दिसायची.

आपल्याकडे नगरसेवक व्हायची गरज नाही. आपल्याकडे ग्रामसभा आहे, वर्षातून किमान चार, आणि तिच्याआधी महिलांची सभा घ्यायची तरतूद आहे. प्रत्यक्षात ती कागदावर होते, सह्या घरोघर फिरवून घेतात. आम्ही गेली काही वर्षं एवढंच करतो: ग्रामसभेच्या आदल्या संध्याकाळी मंदिरापुढे किंवा समाजमंदिरात फोरम. प्रसंग ग्रामसभेचाच. बाई बोलायला उठते आणि सरपंच म्हणतात, "विषयपत्रिकेत नाही." सात-आठ बायका तिची जागा घेऊन बघतात. दुसऱ्या दिवशी त्यांच्यातल्या दोघी उठतात. दोनच. पण आधी कोणी उठत नव्हतं. शहरांसाठी कायद्यात क्षेत्रसभेची तरतूद आहे; नाशिकला तुमच्या भागात ती होते का, कधी, कशी, ते शोधून काढा.

आता धोका. एका वस्तीत आम्ही नवऱ्याच्या मारहाणीवर फोरम केला. एक तरुण बाई पुढे आली, फार सुंदर बोलली, लोक स्तब्ध. आम्ही खुशीत घरी गेलो. दुसऱ्या दिवशी कळलं की चारचौघांत बोलली म्हणून रात्री तिला आणखी मार बसला. आम्ही तिथे नव्हतो. हे ओझं मी अजून उतरवलेलं नाही. तेव्हापासून नियम केला: ज्या प्रश्नाला हात घालायचा त्याच्यामागे काय उभं आहे हे आधी बघायचं. कौटुंबिक हिंसाचाराचा २००५ चा कायदा, त्यातले संरक्षण अधिकारी कुठे बसतात, १८१ ही हेल्पलाइन, विधी सेवा समितीचा मोफत वकील (बाईला तो मिळवायला उत्पन्नाची अट नाही), आणि सर्वांत आधी बचत गटातल्या दोन खमक्या बायका, ज्या त्या रात्री तिच्या घरी जाऊन बसतील. यातलं काही जमलं नसेल तर तो विषय पुढच्या महिन्यावर ढकला.

पैशाचं रडगाणं गात नाही, पण माहीत असू द्या. इथे नाइट, म्हणजे प्रयोगामागचं मानधन, मिळत नाही. मिळतात ती सरकारची जनजागृतीची कामं: योजना त्यांची, संहिता त्यांची, दिवसाला तीन प्रयोग, आणि बिलासोबत जिओटॅग केलेले फोटो. मी ती कामं केली आहेत, घर त्यावर चाललंय. फक्त ज्या वस्तीत फोरम करतो त्याच वस्तीत योजनेचं गाणं घेऊन जात नाही. एकाच तोंडाने विचारायचं आणि सांगायचं जमत नाही. लोक लगेच ओळखतात. परवानगीचाही घोळ असतो. संहिता आधी दाखवा म्हणतात, आणि आमच्या नाटकाचा अर्धा भाग प्रेक्षक येऊन करणार असतो. आम्ही पहिल्या १० मिनिटांची संहिता देतो आणि पुढे 'चर्चा' असं लिहितो. खोटंही नाही.

मग नाटक सोडायचं का? बोआलने सोडलं नाही. परतल्याबरोबर त्याने फर्नांदा मोंतेनेग्रोसारख्या मोठ्या अभिनेत्रीला घेऊन मोठ्या नाट्यगृहात नाटक केलं, उतारवयात ऑपेरा सांबाच्या तालावर बसवले. २००९ च्या जागतिक रंगभूमी दिनाचा संदेश त्याने लिहिला आणि पाच आठवड्यांनी, २ मे रोजी तो गेला. तुम्हीही सोडू नका, पण वर्षाला एकच नाटक करा, आणि तेही पावसाळ्यात, जेव्हा वस्तीत उघड्यावर काही करता येत नाही. नटीचं काम विसरलेली सूत्रधार फार लवकर भाषण करायला लागते, हे मी दोन-तीन चांगल्या लोकांच्या बाबतीत पाहिलंय.

वस्तीची वेळ दुपारी दोन ते चार ठेवा, बायकांना त्याच वेळी उसंत असते. पाणी साडेतीनला येत असेल तर सव्वातीनला सगळं आटपा. पहिले सहा महिने प्रयोग करू नका, फक्त ऐका आणि खेळ खेळा. आणि नवरा-बायकोचा प्रसंग कराल तेव्हा रंगमंचावर खराटा ठेवू नका, मऊ केरसुणी ठेवा. नवऱ्याचं काम करणाऱ्या मुलाला आधी सांगून ठेवा. आमच्या पोराच्या पाठीवर आठवडाभर वळ होते.